कुरडयांचा रविवार

पहाटे ४

पातेल्यावरचं फडकं बाजूला केलं की आधी वास येतो. आंबूस, नाकात जाणारा, पण सडका नव्हे. आई, म्हणजे माझ्या सासूबाई, वाकून तो वास घेतात आणि मगच दिवा जवळ आणायला सांगतात. वर पिवळसर पाणी, तळाला पांढराशुभ्र चीक. "बसलाय छान," म्हणतात. तेवढ्यावर आमचा पुढचा दिवस ठरतो.

हा चीक बुधवारपासूनचा. बुधवारी संध्याकाळी ५ किलो लोकवन गहू निवडून, धुऊन भिजत घातले. रोज सकाळी पाणी बदललं. शनिवारी दुपारी ते फुगलेले दाणे मिक्सरमधून काढले, वाटण पाण्यात घालून हातांनी चोळलं, चोथा पिळला, पुन्हा पाणी, पुन्हा पिळणं, असं तीन वेळा. मग ते दुधासारखं पाणी तलम फडक्यातून गाळून रात्रभर निवळत ठेवलं. तीन दिवसांत गहू नुसते मऊ होत नाहीत. पाण्यात आंबणं सुरू होतं, दाण्याची घट्ट वीण सुटते, आतलं पिठूळ सत्त्व मोकळं होतं आणि जड असल्यामुळे तळाशी बसतं. जळगावच्या एप्रिलात पारा ४२-४३ अंशांना टेकलेला असतो. पाणी बदलायचं एक दिवस राहिलं तरी आंबूस वास कुबट होतो आणि तो कुबटपणा तळलेल्या कुरडईतही उतरतो. म्हणून नोकरी, स्वयंपाक, मुलांच्या परीक्षा या सगळ्यांतून वाट काढून कोणीतरी रोज त्या पातेल्याशी जातं.

वरचं पाणी वाटीने उपसायचं. पातेलं कलतं करून ओतायला गेलं की चीक हलतो आणि पाण्याबरोबर निघून जातो. शेवटचं बोटभर पाणी मी स्वच्छ फडकं वर टेकवून टिपून घेते.

पावणेपाच

मागच्या अंगणात तीन विटांची चूल मांडलेली असते. गॅसवर एवढं मोठं जर्मनचं पातेलं नीट बसत नाही आणि आच फक्त मधे लागते. दिरांच्या शेतातून कपाशीच्या पऱ्हाट्या येतात. त्यांचा जाळ चटकन वाढवता येतो आणि काड्या ओढून घेतल्या की चटकन उतरतो. कुरडयांना असाच हातातला जाळ लागतो.

जेवढा चीक तेवढं पाणी. आज तीन तपेल्या चीक निघाला, म्हणून तीन तपेल्या पाणी चुलीवर. त्यात हिंग, पांढरे तीळ, मीठ. मीठ घातल्यावर आई चमचाभर पाण्याची चव घेतात आणि ते अळणीकडे झुकलेलं लागलं तरच मान डोलावतात. पाणी उन्हात उडून जातं, मीठ मागे राहतं. आत्ता जिभेला बरोबर वाटणारं मीठ वाळलेल्या कुरडईत खारट होतं.

तोवर मागच्या दाराने एकेक जण येतात. समोरच्या काकू, माझ्या जाऊबाई, कोपऱ्यावरच्या मावशी, त्यांची सून. आमच्या ओळीतल्या पाच घरांचं ठरलेलं आहे. होळी झाली की दर रविवारी एकीच्या घरी वाळवण आणि बाकीच्या मदतीला. कुरडया, उडदाचे पापड, ज्वारीचे बिबडे, साबुदाण्याच्या चकल्या, बटाट्याचा कीस, सांडगे, जिच्या घरी जे लागेल ते. पैशांचा व्यवहार नाही, पण हिशेब असतो आणि तो सगळ्यांच्या ध्यानात असतो. शेतात सावडीने कामं होतात, तीच ही रीत. पूर्वी वार बघायचे, अमावास्या टाळायचे. आता तिघींच्या नोकऱ्या आहेत, म्हणून सुट्टी बघतात. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, जवळ आली की घाई वाढते, कारण खानदेशात आखाजीला सासुरवाशिणी माहेरी येतात, पितरांची घागर भरली जाते, आणि त्या दिवशीच्या ताटात पुरणपोळी-आमरसाशेजारी नवी कुरडई नसली तर ताट अपुरं दिसतं. पितरांसाठी निखाऱ्यावर आगारी टाकताना नैवेद्यातही तिचा तुकडा असतो.

सव्वापाच

पाण्याला उकळी फुटली की दोघी लागतात. काकू तपेलीतून चिकाची बारीक धार सोडतात, आई हाटतात. हाटायला बाभळीचा दांडा आहे, टोकाला चपटा केलेला. सुरुवातीला काही घडत नाही, पांढरं पाणी फिरत राहतं. मग एकाएकी, दोन-तीन हातांत, ते जड होतं. इथे हात थांबला की गुठळ्या झाल्याच. आई या वेळी कोणाशी बोलत नाहीत. पदर कमरेला खोचलेला, पाय रोवलेले, आणि दांडा गोल फिरवण्याऐवजी तळापासून वर खेचत आणतात. नुसता गोल फिरवला तर तळचा करपतो आणि वरचा कच्चा राहतो. पाच मिनिटांत घाम हनुवटीवरून गळायला लागतो. मग जाऊबाई न सांगता पुढे होतात आणि दांडा चालता ठेवूनच तो एका हातातून दुसऱ्या हातात जातो.

रंग बघायचा असतो. पांढऱ्याचा दुधी होतो, दुधीचा पाणीदार, निळसर झाकेचा. आवाजही बदलतो. आधी बुडबुडे टपटप फुटतात, नंतर घट्ट गोळ्यातून वाफ फसफसत बाहेर पडते. तेव्हा आई बोट पाण्यात बुडवून चिकाला टेकवतात. चिकटला नाही तर पऱ्हाट्या बाहेर ओढायच्या, झाकण ठेवायचं आणि निखाऱ्यावर वाफ मुरू द्यायची.

"आजी, किती मिनिटं शिजवायचा?" माझी मुलगी वही घेऊन उभी असते.

"घड्याळात काय बघतेस बेटा, पातेल्यात बघ."

मलाही पहिल्या वर्षी हेच उत्तर मिळालं होतं. त्यात टाळाटाळ नाही. गव्हाची जात, चिकाचा दाटपणा, जाळ, वारा यांच्यावर वेळ बदलतो, पातेल्यातली खूण बदलत नाही. कमलाबाई ओगल्यांच्या 'रुचिरा'ने १९७० पासून वाटी-चमच्याची मापं घरोघरी नेली आणि परगावी एकट्या संसार थाटलेल्या कितीतरी मुलींना हात दिला. तरी काही गोष्टी मापाबाहेर उरतातच, आणि त्या शिकायला शिकवणाऱ्या बाईच्या शेजारी उभं राहावं लागतं. मुलीने वहीत लिहिलं ते मला आवडलं: 'निळसर, बोटाला न चिकटणारा, फसफस आवाज.' मिनिटांचा रकाना तिने मोकळा ठेवला.

चीक कच्चा राहिला तर ते आज कळत नाही. कुरडई नीट पडते, वाळतेही. श्रावणात डबा उघडून ती तेलात सोडली की फुलत नाही, दातांत रुतते. पुरता शिजून नीट वाळलेल्या तारेत जो किंचित ओलावा उरलेला असतो, त्याची कढत तेलात एकदम वाफ होते आणि बोटाएवढ्या जागेत हातभर फुलोरा उठतो. एप्रिलच्या पहाटेच्या दहा मिनिटांचा निकाल तीन-चार महिन्यांनी लागतो, आणि आई त्या निकालासाठी हाटत असतात.

या चुलीजवळ पूर्वी पाळी आलेल्या बाईला येऊ देत नसत. चीक नासतो म्हणायचे. आईंनी स्वतः ऐन उमेदीतले कितीतरी रविवार पडवीत बाजूला बसून काढले, कामाची सगळ्यांत जास्त हौस असताना. एका वर्षी जाऊबाईंची पाळी होती आणि माणसं कमी होती. आईंनीच त्यांच्या हातात सोऱ्या दिला. त्या वर्षीच्या कुरडया दर वर्षीसारख्याच फुलल्या. गल्लीत कुजबुज झाली तेव्हा आईंनी तळलेल्या कुरडयांची ताटली नेमकी त्याच घरांत पाठवली. घरची रीत जपायची म्हणजे सगळंच जसंच्या तसं पुढे न्यायचं, असं मी मानत नाही. हाटण्याची रीत ठेवण्याजोगी आहे. बाईला पडवीत बसवण्याची नव्हती, आणि ती गेली याचा मला मनापासून आनंद आहे.

६ ते साडेसात

आता सगळं गच्चीवर. चीक कढत असताना सोऱ्यातून उतरतो, निवला की अडून बसतो, आणि मग दाबणाऱ्या बाईचे खांदे भरून येतात. म्हणून अंगणातून गच्चीपर्यंत साखळी लागते. माझे यजमान झाकलेलं छोटं पातेलं घेऊन जिन्याने वर-खाली करतात, मुलगी सोऱ्यांना आतून तेल लावून देते, मी चीक भरते, तिघी जणी आळीपाळीने कुरडया घालतात. त्या वेळी जिन्यावर लहान मुलांना बंदी. अंगावर सांडला तर हा चीक कातडीला चिकटून राहतो, आणि भाजणं वाईट असतं.

सोरे दोन. एक स्टीलचा, दुसरा पितळी, आईंच्या माहेरचा. पितळी जड आहे, पण त्याचा आटा अजून सरळ चालतो आणि कुरडयांची बारीक छिद्रांची चकती त्यात घट्ट बसते. गच्चीवर जुन्या चादरी, त्यांच्यावर प्लास्टिकचा कागद, कोपऱ्यांवर विटा. आईंच्या लहानपणी धाब्याच्या घरांवर खाटा चढवून त्यांच्यावर धुतलेली धोतरं अंथरायचे. वाळलेल्या कुरडया सोडवताना कापडाचा धागा निघून यायचा, असं त्या सांगतात. प्लास्टिकवरून त्या आपोआप सुटतात.

प्रत्येकीची कुरडई ओळखता येते. मावशींची तार अखंड चालते. बाहेरून आत तीन वेढे, वर दोन आडव्या फेऱ्या, आणि तोडताना बोट लावत नाहीत. सोऱ्या किंचित उचलून मनगटाला झटका देतात, तार तिथेच तुटते. सगळ्या कुरडया एका मापाच्या, ओळीत, छापल्यासारख्या. जाऊबाईंची कुरडई ऐसपैस आणि सैल. मी दोन्ही निरखून बघितल्या आहेत. सैल असणं हा दोष नाही, उलट गच्च घातलेल्या कुरडईच्या पोटात हवा पोचत नाही, आत ओल राहते आणि पावसाळ्यात तिथेच बुरशी धरते. मावशी अखंड तार घालूनही वेढ्यांत फट ठेवतात, तिथे त्यांचा हात कळतो. त्यांच्या सुनेची तार अजून मधेच तुटते. मावशी तिला काही सांगत नाहीत. आपला सोऱ्या तिच्या सोऱ्याशेजारी आणतात आणि हळू फिरवतात, ती बघते.

शेवटच्या तपेलीत आज गुलाबी रंग पडला. जाऊबाईंच्या मुलीचं लग्न मे महिन्यात आहे आणि रुखवतात रंगीत कुरडया मांडायच्या आहेत. या मात्र ताटलीएवढ्या मोठ्या. त्या मावशींनीच घातल्या आणि बाकीच्या हात थांबवून बघत राहिलो.

साडेसातला पूर्वेकडून ऊन थेट गच्चीवर आलं. त्याच्या आत हे आटोपलं पाहिजे. नंतर फरशी तापते, बसवत नाही.

८

पातेल्याच्या तळाशी मुद्दाम राखून ठेवलेला चीक खायची ही वेळ. पहिली वाटी देवापुढे. मुलं साडेसातपासून जिन्याच्या पायरीवर ताटल्या घेऊन बसलेली असतात. आमच्याकडे गरम चिकावर कच्चं तेल आणि लाल चटणी घेतात. सासऱ्यांना, बाबांना, मात्र दूध-साखरच लागते. चीक जिभेवर गुळगुळीत, किंचित आंबट, तीळ दाताखाली येणारे. असा ताजा, गरम चीक दुकानात किंवा हॉटेलात सहसा मिळत नाही, आणि घरातही वर्षातून एवढाच एकदा. काकूंच्या पुण्याच्या नातवाने फोनवर विचारलं, "आज चीक आहे का तुमच्याकडे?" काकू पदराने डोळे टिपत होत्या. धूर गेला म्हणाल्या, आणि गेलाही असेल.

साडेनऊ

कुरडया वाळायला लागल्या म्हणून घर थांबत नाही. दहाला नळ येतो. रात्रीची भांडी तशीच आहेत. दूध तापवायचं, कपडे, बाबांच्या गोळ्या, दुपारच्या भाकरी. मदतीला आलेल्या बायका आपापल्या घरी गेल्या त्या झोपायला नव्हे. त्यांचीही हीच कामं पडलेली.

देशाच्या सांख्यिकी कार्यालयाने २०१९ साली माणसं दिवसाचे तास कसे घालवतात याची पाहणी केली होती. बिनपगारी घरकाम करणाऱ्यांत बाईची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं निघाली, पुरुषाची ९७. पाच तास आणि दीड तास. मी शाळेत गणित शिकवते, आकड्यांवर माझा विश्वास आहे, आणि हे आकडे वाचून मला बरं वाटलं, कारण निदान कोणी मोजलं. पण सकाळी साडेनऊला मोरीत भांडी घासताना माझ्या मनात येतं की आई चार वाजता वाकून जो वास घेतात, तो क्षणभराचा असतो. मिनिटांत तो दिसणारच नाही. आणि आजच्या दिवसातलं सगळ्यांत मोठं काम तेच होतं.

बाबा या वेळेपासून गच्चीवर. डोक्याला उपरणं, टाकीच्या सावलीत खुर्ची, हातात काठी. कावळे, चिमण्या, कधी खारी. ते पेपर वाचतात, पण दर दोन मिनिटांनी मान वर होते. गुडघे दुखत असताना जिना चढून वर जातात आणि दुपारी जेवायलाच खाली उतरतात. हे काम त्यांनी स्वतःहून घेतलेलं आहे.

१२

कळण्याची भाकरी, मिरचीचा ठेचा, कांदा, ताक. भाजी नाही. कुरडयांच्या दिवशी भाजी मागायची नाही, हा या घरात आमच्या आधीपासूनचा नियम आहे आणि तो मोठा शहाणपणाचा आहे.

दीड

पुन्हा सगळ्या जमतात, या वेळी माजघरात. उडदाचे पापड सावलीत लाटायचे आणि सावलीतच आंबट-ओले सुकवायचे, शेवटी थोडं ऊन दाखवायचं. थेट उन्हात टाकले तर कडा वळतात आणि चिरतात. पंखाही बंद. दारं-खिडक्या लोटलेल्या, बाहेर लू, आत उडीद, हिंग आणि मिऱ्यांचा वास.

पीठ सकाळीच पापडखाराच्या पाण्यात घट्ट भिजवलेलं असतं. आता ते तेल लावून वरवंट्याने कुटायचं, लवचिक होईपर्यंत. मग त्याच्या लांब वळ्या करायच्या आणि दोरा गुंडाळून खेचत लाट्या पाडायच्या. सुरीने कापल्या तर लाटी दबते, दोऱ्याने गोल राहते. लाटण्यांना बारीक खाचा आहेत, त्यांनी पापड सगळीकडून सारखा पसरतो.

पापड लाटताना बोलणं होतं, जे कुरडयांच्या वेळी होत नाही. लग्नाची बोलणी, कोणाच्या सुनेला दिवस गेले, कोणाच्या मुलाने नोकरी सोडली, मागच्या वर्षी कोणाचे पापड लाल पडले. मावशींची सून याच दुपारी पहिल्यांदा सगळ्यांसमोर म्हणाली की तिला राहिलेलं बी. ए. पुरं करायचं आहे. मावशींनी लाटणं न थांबवता विचारलं, "फी किती?" त्यानंतर एवढ्या जणींसमोर नाही म्हणणं कोणालाही सोपं राहिलं नव्हतं. घराघरांतले कितीतरी निर्णय बैठकीच्या खोलीत झाले असं वाटतं, पण त्यांची तयारी अशा बंद दारांच्या माजघरात झालेली असते.

१५ मार्च १९५९ रोजी मुंबईत गिरगावातल्या एका इमारतीच्या गच्चीवर सात बायका अशाच पापड लाटायला बसल्या होत्या. भांडवल उसने घेतलेले ८० रुपये. पहिल्या दिवशी चार पाकिटं तयार झाली. त्यातून श्री महिला गृहउद्योग लिज्जत पापड ही संस्था उभी राहिली. तिथे लाटणारी प्रत्येक जण बहीण म्हणवली जाते आणि मालकीत तिचा वाटा असतो. त्या सात जणींतल्या जसवंतीबेन पोपट यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. मला या गोष्टीत कौतुक वाटतं ते लाटण्याचं नाही, लाटणं त्यांच्या आईला आणि आजीलाही येत होतं. त्यांनी त्या कामाचा भाव ठरवला आणि तो मागितला, हे मोठं.

मावशी स्वतः होळीपासून बचत गटाच्या पापडांवर जातात. तिथे किलोवर मजुरी मिळते, वहीत नाव लागतं, महिन्याला सही होते. रविवारी त्याच हातांनी त्या आमच्याकडे लाटतात आणि त्या बदल्यात आम्ही त्यांच्याकडे. दोन्ही ठिकाणी पापड एकच. मी त्यांना विचारलं, कुठलं काम बरं वाटतं. म्हणाल्या, "गटात हात भरभर चालतो, इथे तोंड." मग थोड्या वेळाने, लाटी उलटवत, "पण गटातल्या पैशाने सुनेची फी भरता येईल."

साडेचार

कुरडया उलटायच्या. वरून खडखडीत झालेल्या असतात, खालून अजून ओलसर. कागदाचं टोक धरून हलकं ओढलं की सुटतात. ज्या सुटत नाहीत त्यांना हात लावायचा नाही, अर्ध्या तासाने बघायचं. ओढाओढीत तार मोडते. मोडलेल्या कुरडया वेगळ्या डब्यात जातात, त्यांची पावसाळ्यात कांदा घालून भाजी होते.

आज पश्चिमेला ढग दिसले आणि सगळ्यांचे चेहरे उतरले. अवकाळीचे दोन टपोरे थेंबसुद्धा या टप्प्यावर नको असतात. भिजलेली कुरडई लिबलिबीत होते, पुन्हा वाळवली तरी पांढरी राहत नाही. बाबांनी आधीच सुपं, परड्या, रिकामे डबे जिन्याशी आणून ठेवले होते. वारा उठला, धूळ आली, पाऊस आला नाही. तरी आम्ही गुलाबी कुरडया आधी खाली नेल्या. लग्न दारात आहे, त्या पुन्हा घालायला सवड नाही.

साडेसहा

दिवेलागणीच्या आत सगळं घरात. अंगणातल्या खोलीत खाटांवर चादरी आणि त्यांच्यावर कुरडया पसरलेल्या, एकावर एक न ठेवता. अजून दोन कडक उन्हं दाखवायची आहेत. सोमवारी आणि मंगळवारी मी शाळेत, तेव्हा वर नेणं-आणणं आई आणि बाबा करतील. वाळल्याची परीक्षा सोपी आहे: कुरडई हातात घेऊन मोडायची, तार कट्ट आवाज करून तुटली पाहिजे. नुसती वाकली तर आणखी एक दिवस. मग डबे. आखाजीचा वाटा आधी बाजूला, रुखवताचा वेगळा, नणंदेचा नाशिकला जाणारा, काकूंच्या नातवाचा, आणि सकाळपासून राबलेल्या प्रत्येकीच्या घरी एक-एक ताटली. पोळ्याला आणि पितृपक्षात लागणाऱ्या कुरडयांच्या डब्यावर आई चिठ्ठी लावतात, म्हणजे मुलांचा हात तिकडे जात नाही.

जमिनीवर टेकून बसल्यावर आईंचा उजवा हात खांद्यापासून वर होत नव्हता. मुलगी खोबरेल कोमट करून घेऊन आली. त्या नको म्हणाल्या आणि हात पुढे केला.

साडेआठ

आमच्याकडे वाळवणाच्या नोंदी दिनदर्शिकेच्या मागच्या पानावर असतात. गहू किती, चीक किती तपेल्या, मीठ किती, कुरडया किती पायल्या डब्यात गेल्या, कोणत्या वर्षी पावसाने घालवलं. आईंचं अक्षर जुन्या पानांवर आहे, अलीकडच्या पानांवर माझं. यंदा नेहमीच्या नोंदींखाली मी एक नवी ओळ काढली आणि माणसांचे तास लिहायला घेतले. आई, जाऊबाई, काकू, मावशी, त्यांची सून, मुलगी. कोण किती वाजता आलं, कधी गेलं, शनिवारी वाटायला कोण होतं.

आईंनी चष्मा लावून ते वाचलं. मला वाटलं, हसतील किंवा कशाला म्हणतील. त्यांनी बोट ठेवलं. "काकूंचे कालचे दोन तास राहिले. चोथा त्यांनीच पिळला होता. आणि ह्यांनी दिवसभर कावळे राखले, ते?"

दोन्ही लिहिलं. बेरीज बघून त्या जरा वेळ काही बोलल्या नाहीत, मग जाऊबाईंना हाक मारून ती वाचून दाखवायला सांगितली. पुढच्या रविवारी काकूंकडे ७ किलोच्या कुरडया आहेत. आजच्या हिशेबाने शनिवारी दुपारी वाटायला आणि पिळायला एक जण कमी पडते, असं जाऊबाई म्हणाल्या. माझ्या यजमानांना शनिवारी अर्धी सुट्टी असते. आईंनी त्यांच्याकडे बघितलं आणि विचारलं, "येशील ना रे दोनला?" ते हो म्हणाले, आणि त्यांचं नाव पुढच्या ओळीत गेलं.